शेअरचा काठ

माझा धाकटा भाऊ दगा जिलबी खात नाही. गोडाचं वावडं नाही, श्रीखंडाच्या वाट्या मोजायला माणूस बसवावा लागतो. पण जिलबीची रेघ कुठून निघाली आणि कुठे पोचली याचा काही मेळ नसतो, आणि असलं बेमेळ खाणं पोटात गेलं तर आत काय करेल कोण जाणे, असं त्याचं म्हणणं. पस्तीस वर्षं चौकटीच्या कागदात डोकं घालून बसलं की माणसाचं असं होतं.

पारोळ्याजवळच्या आमच्या गावाहून तो सुरतेला आला तेव्हा एकोणीस वर्षांचा होता. कारखान्यात रमणिकशेठने नाव विचारलं. हा म्हणाला, "दगा." माझ्यानंतरची दोन भावंडं जगली नाहीत म्हणून आईने याला दगडाचं नाव ठेवलं, देवाची नजर जाऊ नये. शेठला ते काय ठाऊक? शेठ म्हणाला, "बरं झालं आधीच सांगितलंस," आणि कामावर ठेवून घेतलं.

सुरुवातीला लूमवर होता. पण धागा तुटला तरी याला पत्ता नसायचा, हा आपला विणून झालेल्या काठाकडे बघत उभा. शेठने वैतागून त्याला ग्राफवर बसवलं. तिथे जो बसला तो बसलाच.

ग्राफ म्हणजे काय ते सांगते. साडीचा काठ आधी चौकटीच्या कागदावर काढावा लागतो. जिथे नक्षी हवी तिथलं घर लाल रंगाने भरायचं, बाकीची कोरी सोडायची. मग तो कागद गणपतकडे जातो. गणपत लाल घरं बघून पुठ्ठ्याच्या पत्त्यांना भोकं पाडतो, कागदाच्या एका ओळीला एक पत्ता. पत्त्यांची माळ शिवतात, ती लूमच्या डोक्यावर चढवतात आणि ती रहाटासारखी फिरत राहते. शेवटच्या पत्त्यानंतर पुन्हा पहिला. म्हणून काठाची शेवटची ओळ पहिल्या ओळीला जुळायलाच हवी, नाही तर साडीवर ठरावीक अंतराने नक्षीला ठेच लागलेली दिसते. जुळली तर म्हणतात, रिपीट बसली.

दगाचं सगळं शहाणपण एवढंच. जगात ज्याची रिपीट बसते ते चांगलं आणि ज्याची बसत नाही ते वाईट. त्याच्यासाठी मुलगी बघायला गेलो तेव्हा हा पूर्ण वेळ सतरंजी बघत होता. बाहेर आल्यावर मी विचारलं, "मुलगी कशी वाटली?" म्हणाला, "सतरंजी चांगली होती." मी ते होकार धरला. रंजना बिचारी सतरंजीवर पास होऊन आमच्या घरात आली आणि पंचवीस वर्षं नीट संसार केला. ती गेल्यापासून मीच याच्याकडे असते. सुरतेच्या बमरोली भागातली खोली शेठचीच आहे, कारखाना रस्त्याच्या पलीकडे. मी दुपारी डबा घेऊन जायची, भाकरी, ठेचा, असलं तर भरीत, आणि त्याच्या टेबलापाशी टेकायची. तिथेच मला शेअर बाजार भेटला.

शेठचा मुलगा हितेश. वय पंचवीस, चष्मा, खिशाला दोन पेनं. रिंगरोडवरच्या एका हॉटेलात चार रविवार कसला तरी क्लास करून आला आणि त्याला शेअरचं वेड लागलं. पण घरात बोलायची चोरी. ब्याण्णव साली बाजार पडला तेव्हा शेठचे चार लूम त्यात बुडाले होते, तेव्हापासून कारखान्यात तो शब्द काढायला बंदी. मग हितेश दगाच्या खोलीत यायचा. दगाचाच चौकटीचा कागद, दगाचीच लाल शाई. रोज सकाळी छापा, म्हणजे पेपर, बघून कालच्या भावाचं एक घर भरायचं, एक घर म्हणजे एक रुपया. त्याचा ब्रश घराबाहेर सांडायचा. दगाला ते बघवेना. दुसऱ्याच दिवशी त्याने ब्रश काढून घेतला. "तू नुसता आकडा सांग. घर मी भरतो."

अशा तऱ्हेने बमरोलीत एका माणसाला शेअर म्हणजे काय ते कळत नव्हतं आणि त्याच्या हातून शेअरचे चार नकाशे निघत होते. तो ते नक्षी म्हणूनच बघायचा. साखरेच्या कंपनीचा कागद समोर धरून म्हणाला, "ही म्हातारीची कवळी आहे." सिमेंटच्या कंपनीला म्हणाला, "पारोळ्याच्या किल्ल्याची पडकी भिंत." एका बँकेचा कागद बराच वेळ बघितला आणि म्हणाला, "हा बोकड टेकडी चढता चढता झोपला."

चौथा कागद हितेशच्या जिवाचा. हजीऱ्याच्या वाटेवर कसल्याशा रसायनाचा कारखाना निघणार होता, त्याचे तीनशे शेअर त्याने बेचाळीसच्या भावाने घेतले होते. दिवाळीनंतरच्या लाभपाचमेला घेतले, मुहूर्तावर. हा कागद दाखवताना तो खाली बसायचा, देवापुढे बसतात तसा.

"दगाकाका, हे बघा. हे मधे डोकं, हे दोन बाजूंना दोन खांदे. असं दिसलं की विकून टाकायचं असतं."

मी म्हटलं, "आमच्यात डोकं-खांदे दिसले की पदर घेतात. विकत नाहीत."

"मावशी, तुम्ही थांबा. काका, ही खाली मानेची रेघ. ही तुटली की शेअर पडतो."

"मान तुटल्यावर पडणारच की," दगा म्हणाला. "हे सांगायला क्लासवाल्याने पैसे घेतले?"

"आणि साखरेत बघा, कप झाला आहे. कान असलेला कप. असा कप झाला की भाव वर जातो."

"चहा कधी येतो त्यात?"

हितेशला राग यायचा नाही. दगाचं घर कधी सांडत नव्हतं, आणि चारही कागद दगाच्या खणात राहत होते, शेठच्या नजरेआड. एवढ्यासाठी त्याने आणखी चार टोमणे सोसले असते.

आता खरं काय झालं ते सांगते. त्या वर्षी, म्हणजे प्लेग येऊन गेला त्याच्या पुढच्या वर्षी, संक्रांतीपासून दगाचं काही तरी बिघडलं. आधी ब्रश चहात बुडवला. मी म्हटलं, ध्यान नाही. मग एक दिवस गणपतची बायको लीला कारखान्याच्या दारात उभी होती, तिला हा म्हणाला, "गणपत, मिशी काढली का रे?" लीला आठ दिवस बोलली नाही. मी मात्र त्या संध्याकाळी याला समोर बसवलं आणि दोन बोटं दाखवली.

"किती?"

"मस्करी कसाले करस, आक्का?"

"किती ते सांग."

उठून दार लोटलं. मग हळूच म्हणाला, "माले दिखत नही वं. दुधामा पाहिल्यागत दिखस बठ्ठं. कोणाले सांगू नको."

मोतीबिंदू, दोन्ही डोळ्यांत. मी म्हटलं दवाखान्यात जाऊ. तर आमचे भगवानमामा डोळा करून आले आणि तो डोळा गेला, हे त्याने लहानपणी पाहिलेलं. आणि दुसरं म्हणजे महिनाभर डोळ्याला पट्टी बांधून बसला की शेठला कळणार. शेठ तेव्हाच बोलत होता, मुंबईकडे कंप्यूटर निघाला आहे, एका दिवसात चार ग्राफ काढतो, जेवायला मागत नाही. डोळे गेले हे कळलं की ग्राफ गेला, ग्राफ गेला की खोली गेली. गावाला याच्या वाट्याची एक भिंत उरली आहे, तिच्यावरही शेजाऱ्याचा वेल.

म्हणून मी घरं मोजायला लागले. माझी शाळा दोन यत्तांची, पण वीसपर्यंत पक्कं येतं, आणि तिथून पुढे वीसा वीसाने कितीही. डबा उघडून ठेवायचा, त्याच्याआड कागद, आणि मी बोटाने घर दाखवायची, तो भरायचा. हात अजून तसाच होता, ब्रश घराबाहेर जात नव्हता. फक्त घर कुठे आहे ते सांगावं लागायचं. कारखान्यातले लोक म्हणायचे, बहीण भावाला काय माया करते, घास घास भरवते. मी म्हणायची, हो ना, दातच नाहीत बिचाऱ्याला.

सात महिने निभलं. श्रावणात कानबाई आली, आम्हा खानदेशी घरांची देवी. आमच्या भाऊबंदकीत तिच्या नैवेद्याचे रोट असतात, घरातल्या मोठ्या बाईला जावंच लागतं. जाण्याआधी मी सगळी तयारी केली. कळसाच्या काठाचा ग्राफ पुरा करून ठेवला, नुसत्या रेघेचे कळस, चढायची रेघ, उतरायची रेघ, नऊ वीसा ओळी. दोनदा मोजला. खणात सगळ्यात वर ठेवला आणि दगाला बजावलं, "गणपत आला की वरचा कागद दे. दुसरं काही करू नको. आठ दिवसांत येते."

दुसऱ्या दिवशी हितेश आला, रसायनाच्या कागदात आदल्या दिवसाचं घर बोट ठेवून दगाकडून भरून घेतलं, कागद परत खणात ठेवला आणि मामाकडे राजकोटला निघून गेला. ठेवताना अर्थातच वर ठेवला. लाभपाचमेपासून श्रावणापर्यंत त्याचेही नऊ महिने भरले होते. शनिवार, रविवार आणि सण वगळून बाजार जितके दिवस चालला तितक्या ओळी, नऊ वीसाच्या आसपास. तोच कागद, तीच शाई, तोच हात, आणि तीही चढती-उतरती रेघच.

गणपत आला तेव्हा दगाने तो कागद खिडकीत नाकाशी धरला. लाल रेघ दिसली. पण कळस वेडेवाकडे. एक बुटका, एक उंच, पुन्हा एक बुटका, मधेच पायऱ्या, आणि शेवट तर पहिल्या ओळीपासून तीन घरं खाली. मला त्याने हे नंतर सांगितलं. "मला वाटलं, आक्का, आपला हातही गेला. तू मोजून सांगितलेलं मी असं वाकडं भरलं."

दुसऱ्या कुणी गणपतला विचारलं असतं, बाबा रे, हे काय आहे बघ. दगाला विचारता येत नव्हतं. विचारलं की कळलं. म्हणून त्याने जे सुधारता येईल ते सुधारलं. शेवटची तीन घरं बोटाने चाचपून भरली आणि शेवट सुरुवातीला जुळवला. रिपीट बसवली आणि कागद देऊन टाकला.

गणपतने तरी विचारायचं? मी नंतर त्याला झापलं, तर म्हणतो, "पस्तीस वर्षांत दगाभाऊंचा एक ग्राफ परत आला नाही. त्यांना मी काय विचारू? मला वाटलं, नवी फॅशन आहे."

मी गावाहून आले तर लीला गल्लीच्या तोंडाशीच उभी. "आक्का, पिशवी ठेवा आणि कारखान्यात जा. तुमच्या भावाने काय काढलंय ते बघा."

गेले. जांभळी साडी, हिरवा काठ, काठावर जरीची रेघ. आणि ती रेघ चढत होती, थांबत होती, पुन्हा चढत होती, एक खांदा, एक डोकं, दुसरा खांदा, आणि मग जिन्यावरून हंडा पडावा तशी गडगडत खाली. मी ओळखलं. रोज बघितलेली नक्षी. शेठ एका बाजूला साडी धरून उभा, दगा दुसऱ्या बाजूला पदर बोटांनी चाचपत. भोवती सगळे लूमवाले.

"दगाभाई," शेठ म्हणाला, "हे आहे तरी काय?"

दगा पदर आणखी एकदा चाचपायला लागला. एवढ्यात हितेश आत आला, राजकोटहून नुकताच उतरलेला, हातात पेढ्यांचा डबा. साडी बघितली आणि ओरडला, "अरे, आ तो मारो..." 'हा तर माझा' एवढंच बोलून त्याने जीभ चावली.

मी हितेशकडे बघितलं. हितेशने माझ्याकडे बघितलं. त्याला कळलं की हे खरं काय ते मी सांगू शकते. मला कळलं की तोही सांगू शकतो.

मी म्हटलं, "हितेशभाई, तुम्ही शिकलेले. तुम्हीच सांगा शेठना, काय आहे हे."

पोराच्या चष्म्यावर वाफ धरली. "पप्पा, ही... मॉडर्न आर्ट आहे."

"म्हणजे?"

"म्हणजे मुंबईत प्रदर्शनं लागतात. फार मोठे लोक घेतात."

"पण यात आहे काय?"

"यात काही नसतं, पप्पा. ज्याने त्याने आपापलं बघायचं."

शेठने साडी लांब धरली, जवळ धरली. "मला तर तापाचा कागद दिसतो. दवाखान्यात पलंगाला टांगतात तो. हा पेशंट गेलेला आहे."

मग काय, सगळ्यांना परवानगीच मिळाली. गणपत म्हणाला, त्याला गावाकडचा घाट दिसतो. निंबा लूमवाल्याला करवत दिसली. एकाला बायकोचा स्वभाव दिसला, तो मालेगावचा होता. अर्धा तास लूम बंद. शेठच्या लक्षात आलं तेव्हा त्याने साडी हितेशच्या अंगावर टाकली. "छत्तीस उतरल्या आहेत. विकून दाखव तुझं आर्ट."

बाहेर पडताना मी हितेशला भिंतीशी गाठलं. तो गुजराती बोलत होता, मी मराठी. भांडायला तेवढं पुरतं. मी म्हटलं, "तू माझ्या भावाचं झाक, मी तुझं झाकते." त्याने पेढ्यांचा डबा माझ्या हातात दिला. मी तो होकार धरला.

साड्या विकल्या गेल्या असं कुणाला वाटत असेल तर सांगते, एकही नाही. मार्केटातल्या एका दलालाने विचारलं, हिच्यावरून पाल पळाली का. दुसऱ्याने फुकटातही ठेवल्या नाहीत. शेवटी दिवाळीला शेठने हिशेब केला आणि त्या वर्षीची मिठाई वाचवून कामगारांच्या बायकांना त्याच वाटल्या. बायका काय, नव्या साडीला नाही म्हणत नाहीत. मीही घेतली. रंग चांगला होता.

लाभपाचम आली. त्या दिवशी कारखाना दिवाळीनंतर उघडतो, लूमची पूजा होते, घरातली माणसंही प्रसादाला येतात. गावाला न गेलेल्या पंधरा-वीस जणी आम्ही रांगेत उभ्या, शेठने दिलेली म्हणून सगळ्यांनी तीच नेसलेली. पुढे लीला, तिच्यामागे मी, मागे बाकीच्या. एकीचा काठ संपतो तिथे दुसरीचा सुरू. हितेश प्रसादाचं ताट घेऊन रांगेवरून निघाला आणि तिसऱ्या बाईपाशी येऊन थांबला. बरोबर एक वर्ष झालं होतं त्याला शेअर घेऊन. ताट खाली गेलं, बोट वर आलं.

"इथे घेतला," तो पुटपुटला आणि काठावर बोट धरून चालायला लागला. "इथे पन्नास. इथे पासष्ट..." माझ्यावरून पुढे गेला, लीलाच्या निऱ्यांपाशी पोचला आणि एकदम ओरडला, "इथे! इथे विकायला हवा होता! इथेच!"

"मेल्या, कुठे बोट दाखवतोस?" लीलाने त्याच्या हातावर फटका मारला. शिरा सांडला.

"लीलाभाभी, तुमच्या कमरेवर एकाहत्तर होता!"

"एकाहत्तर तुझी आजी!"

"कसला एकाहत्तर?" शेठचा आवाज आला. तो लूमला हार घालत होता, हार हातातच राहिला.

पुढचं सगळं भराभर झालं. शेठने दोन प्रश्न विचारले आणि नऊ महिने, तीनशे शेअर, बेचाळीसचा भाव, खण, कागद, सगळं बाहेर आलं. शेठ लाल झाला तसा हितेश मागे सरकला आणि घाबरलेलं माणूस करतं तेच त्याने केलं. "मी नुसता कागद खणात ठेवला होता, पप्पा! विणायला दगाकाकांनी दिला. यांना दिसलं नाही का?"

सगळे दगाकडे वळले. मी तोंड उघडलं, पण दगाने हात वर करून मला थांबवलं. मी नेमकी कुठे उभी आहे ते त्याला दिसत नव्हतं, त्याने हात लीलाला दाखवला. पण कळलं.

"नाही दिसलं, शेठ. संक्रांतीपासून दिसत नाही. घरं आक्का मोजते."

शेठने माझ्याकडे बघितलं. "प्रमिलाबेन, तुम्ही?"

"वीसा वीसाने," मी म्हटलं. खोटं बोलून उपयोग नव्हता.

 शेठ पूजेला ठेवलेली त्यातलीच एक साडी उचलून तिचा काठ हातभर, दोन हात, चार हात सरकवत राहिला. मला वाटलं, झालं, आता गावची भिंत. मनात मी शेजाऱ्याचा वेल काढायलाही लागले.

"मग ही रिपीट कशी बसली?" त्याने विचारलं.

दगा म्हणाला, "तीन घरं खाली राहत होतं. मला वाटलं माझीच चूक. भरून काढली."

शेठ हितेशकडे वळला. "बेचाळीसला घेतलास. हा कागद विणला त्या दिवशी भाव काय होता?"

"एकोणचाळीस."

"तीन घरं." शेठने तीन बोटं त्याच्या चष्म्यापुढे धरली. "नऊ महिने तू रोज हा कागद बघितलास. डोकं बघितलंस, खांदे बघितलेस, कप बघितलेस. निघालास त्याच्या तीन घरं मागे येऊन बसलास, ते नाही बघितलंस. ज्याला दिसत नाही त्याने बोटाने चाचपून सांगितलं." मग दगाकडे न बघता म्हणाला, "कंप्यूटरला चुकीचा कागद दिला असता तर त्याने तो तसाच विणून दिला असता. जुळवून नसता दिला." आणि पुन्हा हितेशला, "विक ते शेअर. यांचे डोळे कर."

आता शेअर तोवर एकतीसवर आला होता. शहरातल्या डॉक्टरने सांगितलं, डोळ्यात भिंग बसवायचं तर एकाला साडेचार हजार, आणि दोन्ही एकदम करत नाहीत, एक आत्ता, दुसरा होळीनंतर. हितेशने लगेच बोटांवर हिशेब केला. "पप्पा, मग दीडशेच विकू. उरलेले दीडशे होळीपर्यंत चढतील. चढले की काकांचा दुसरा डोळा आणि वर काही आपल्याला." शेठने शेअरचं नाव काढायचं नाही अशी शपथ घातली होती ती स्वतःच विसरला. व्यापारी माणूस, वर काही म्हटलं की विचार करतो. "बरं," म्हणाला.

दगाला दवाखान्यात नेताना त्याने माझा हात इतका घट्ट धरला होता की बांगडी वाकली. भगवानमामाचं नाव मी निघताना घेतलं नाही, त्यानेच चार वेळा घेतलं. पण डोळा छान झाला. पट्टी सुटली त्या दिवशी मी मुद्दाम तीच साडी नेसून गेले होते. दगाने आधी खिडकी बघितली, मग भिंतीवरचं कॅलेंडर, मग मला. मग काठ. वाकून बघितला.

"हा काठ कुणाचा?"

"तुझाच."

"मी हे काढलं?" पुन्हा बघितलं. "भिकार शे वं, आक्का." काठ पुढे सरकवून म्हणाला, "रिपीट तेवढी बसली."

काम सुरू झालं, मी फक्त डबा देऊन परत यायला लागले. एक डोळा इतका चांगला की लीलाला त्याने पहिल्याच दिवशी ओळखलं आणि मिशीबद्दल माफी मागितली. त्यावर ती पुन्हा आठ दिवस बोलली नाही.

पण उरलेले दीडशे शेअर. ते चढायच्या ऐवजी उतरले. पौषात चोवीसवर आले. दीडशेचे आता एका डोळ्याचेही पुरे पैसे येत नव्हते, आणि शेठ म्हणत होता, इतक्या खाली विकायचं नाही, मी तीसला विकेन, तेवढ्यात डोळा होतो. म्हणजे दगाचा दुसरा डोळा आता त्या हजीऱ्याच्या वाटेवरच्या कंपनीपाशी अडकला.

तेव्हापासून जो माणूस या नकाशांना कवळी आणि बोकड म्हणत होता, तो सकाळी सगळ्यांच्या आधी कारखान्यात जाऊन छाप्याची वाट बघतो. हितेशच्या हातून छापा ओढून घेतो, अजून न केलेला डोळा मिटून केलेल्या डोळ्याने भाव वाचतो आणि खणातला कागद काढून घर भरतो. शेठही येऊन उभा राहतो, चुकून आल्यासारखा. एक घर चढलं की तिघं चहा मागवतात, दोन उतरली की गणपतवर ओरडतात. परवा दगाला हितेशने विचारलं, "काका, यात कप दिसतो का हो?" आणि दगाने खरंच कागद तिरका करून बघितला.

काल मी डबा घेऊन गेले तर तो जागेवर नव्हता. कागद टेबलावर उघडा. लाल रेघ चोवीसवर येऊन थांबलेली, आणि तिच्यापुढे पेन्सिलने बारीक, नीट, एकही घर न सांडता कळसांची रांग काढलेली. प्रत्येक कळस आधीच्यापेक्षा थोडा उंच, शेवटचा बरोबर तीसवर.

दगा हात पुसत आला. मी म्हटलं, "हे काय रे? बाजार उघडलाही नाही आणि तू पुढचं भरून ठेवलंस?"

"मग? नक्षी आधी निघते, आक्का. कापड मागून येतं," तो म्हणाला. "मी काढून दिलंय. आता त्यांनी नीट विणायचं."

वीस झाल्या की एक चिंचोका ठेवत मी ओळी मोजल्या. दोन वीसा होत्या. बाजाराच्या सुट्ट्या वगळून बरोबर होळीपर्यंत पोचत होत्या.